नजर कोणाची?

(सामुदायिक रेडिओवरील भाषण)

जेवणं, भांडी आटोपून कोणी जरा आडव्या झाल्या असाल, कोणी सूप घेऊन तांदूळ निवडायला बसल्या असाल. हात चालू द्या, कान तेवढे इकडे असू द्या.

आज मी चेटकिणीविषयी बोलणार आहे. हसू नका. विषय मी शोधला नाही, माझ्या भाचीने घरात आणला.

मे महिन्यात ती सुट्टीला आली होती. रत्नागिरीला कॉलेजात असते. घरात आंब्याच्या पेट्या भरायची घाई आणि ही आपली पडवीत झोपाळ्यावर पुस्तक घेऊन पडलेली. मी ग्रंथालयात काम करते, त्यामुळे कोणाच्या हातात कुठलं पुस्तक आहे हे वाकून बघायची मला खोड आहे. मुखपृष्ठावर एक टुमदार घर होतं. खिडकीत मांजर, चुलीवर किटली, आढ्याला वाळत टांगलेल्या झाडपाल्याच्या जुड्या. मी म्हटलं, बागकामाचं आहे की काय? तर म्हणाली, "नाही मावशी, चेटकिणीचं आहे. पण गोड आहे. याला कोझी फँटसी म्हणतात."

माझी आई बाजूला फणसाचे गरे काढत बसली होती. ती म्हणाली, "चेटकीण आणि गोड? तिन्हीसांजेची कसली नावं घेता गो?" आणि ताट उचलून आत निघून गेली.

तिचं ते उठून जाणं मनात राहिलं. त्याकडे मी शेवटी येईन. आधी ही पुस्तकं काय असतात ते सांगते, कारण तुमच्यापैकी कित्येकींच्या मुली, सुना ती मोबाइलवर वाचतायत आणि तुम्हाला वाटतंय अभ्यास चाललाय.

कोझी म्हणजे उबदार. पावसाळ्यात गोधडी ओढून घ्यावी तसं. या कादंबऱ्यांत जादू असते, पण युद्ध नसतं, रक्तपात नसतो. बहुधा एखादी एकटी बाई असते. तिचं छोटं घर असतं किंवा चहाचं दुकान असतं. ती गावातल्या लोकांना काढे करून देते, कोणाचं मोडलेलं जोडून देते, आणि हळूहळू गाव तिला आपली म्हणतं. बस्, एवढीच गोष्ट. जपानच्या एइको कादोनो यांनी १९८५ साली लिहिलेली किकी ही तेरा वर्षांची चेटकीण तर झाडूवर बसून लोकांची सामानाची पार्सलं पोचवते. त्या पुस्तकावर हायाओ मियाझाकी यांनी १९८९ साली केलेला कार्टून सिनेमा जगभर गाजला. किकीला परक्या शहरात एकटीने एक वर्ष काढून दाखवायचं असतं. आपल्या मुली मुंबईला नर्सिंगला जातात, त्यांची आणि तिची काळजी एकच : खोली मिळेल का, काम मिळेल का, कोणी आपलंसं करेल का.

भाचीच्या हातात होतं ते संगू मंदण्णा यांचं, २०२२ सालचं. या लेखिका बेंगळुरूत वाढल्या, आता इंग्लंडमध्ये असतात. त्यांची नायिका मीका मून भारतात जन्मलेली, इंग्लंडमध्ये वाढलेली पोरकी मुलगी आहे. ती चेटकीण असते, पण चेटकिणींनी एकमेकींपासून लांब राहायचं, कोणाला कळू द्यायचं नाही, असा त्यांचा नियमच असतो. कारण पूर्वी कळलं तेव्हा काय झालं ते त्यांना ठाऊक असतं. म्हणजे बघा, गोधडी उबदार आहे, पण बाहेर थंडी आहे हे पुस्तक विसरत नाही.

हे सर्वांत स्पष्ट सांगितलं ते टेरी प्रॅचेट या इंग्रज लेखकाने, २००३ साली, मुलांसाठी लिहिलेल्या एका कादंबरीत. त्यात टिफनी नावाची नऊ वर्षांची मुलगी आहे, मेंढपाळाच्या घरातली. ती ठरवते की आपण चेटकीण व्हायचं. का? तर तिच्या गावात एक म्हातारी एकटी राहत असे. जमीनदाराचा मुलगा रानात नाहीसा झाला आणि लोकांचा संशय म्हातारीवर गेला. एकटी, दात पडलेली, घरात मांजर, मग चेटकीण हीच. तिला घराबाहेर काढलं, आणि हिवाळ्यात बर्फात ती मेली. टिफनीला वाटतं, गावात खरी चेटकीण असेल तर असं पुन्हा घडू देणार नाही. मी हे वाचलं तेव्हा पुस्तक मिटून थोडा वेळ तशीच बसले. कारण अशी एक म्हातारी मीही पाहिलेली आहे. तिच्याकडेही येतेच.

आता आपल्या मुलखाकडे वळू. टोकदार टोपी आणि झाडू ही सगळी विलायतेची देणगी. आपल्याकडे ती टोपी रंगभूमीवरून घराघरांत आली, रत्नाकर मतकरींच्या 'अलबत्या गलबत्या'मधून. त्यातली चिंची चेटकीण आधी दिलीप प्रभावळकरांनी केली, अलीकडे आपल्या देवरुखच्या वैभव मांगल्यांनी. मराठी पोरांची सर्वांत लाडकी चेटकीण दोन्ही वेळा पुरुषाने केली, याची मला गंमत वाटते. बाईने केली असती तर पोरं इतकी हसली असती का, कोण जाणे.

पण आजीच्या गोष्टीतल्या बायका वेगळ्या होत्या. त्यांना टोपी नव्हती. मोकळे केस, उलटी पावलं, आणि वास्तव्य चिंचेवर नाहीतर विहिरीवर. त्यांची नावं आठवा : हडळ, जखीण, लावसट, अळवंत. या नावांमध्ये काय दडलंय ते बघण्यासारखं आहे. १९१५ साली एन्थोव्हेन या इंग्रज अधिकाऱ्याने कोकणातल्या लोकसमजुतींचं एक पुस्तक काढलं. त्याची माहिती गोळा केली होती जॅक्सन यांनी. तेच जॅक्सन, ज्यांना १९०९ साली नाशिकला अनंत कान्हेरे यांनी गोळी घातली. आणि मूळ उत्तरं लिहून पाठवली होती गावोगावच्या शाळामास्तरांनी, त्यात आपल्या रत्नागिरी जिल्ह्यातलेही होते. तेव्हा सिंधुदुर्ग वेगळा नव्हता, तो १९८१ साली झाला. अशा जुन्या नोंदी आणि आपल्या आज्यांचं बोलणं जोडून पाहिलं की एक गोष्ट ध्यानात येते. गावागणिक अर्थ थोडा बदलतो, पण साधारण असं : पोटुशी असताना किंवा बाळंतपणात गेली ती हडळ किंवा अळवंत. नवरा मागे ठेवून गेली ती जखीण. विधवा गेली ती लावसट.

पुरुषांची भुतं मोजा. मुंज होऊन लग्नाआधी गेला तो मुंजा, विद्या किंवा पैसा यांत जीव अडकला तो समंध. त्यांची गणती शिक्षणावरून, संपत्तीवरून. आणि बायकांची? तिचा नवरा जिवंत होता का आणि तिचं मूल जन्मलं होतं का, एवढ्या दोनच गोष्टींवरून. मेल्यावरही तिला तेच दोन प्रश्न.

जरा बाळंतिणीच्या मरणाकडे बघू, कारण हडळीचा सगळा जन्म तिथला आहे. समजूत अशी होती की बाळंतपणानंतरचे पहिले दहा-बारा दिवस हडळीच्या भीतीचे. म्हणून उशाशी कोयता, दाराशी विस्तव, ओवा, शेपा आणि वेखंडाची धुरी. आता दवाखान्याची भाषा ऐका. बाळंतरोग म्हणजे प्रसूतीनंतरचा जंतुसंसर्ग, तोही याच पहिल्या दिवसांत उठायचा. ताप चढायचा, बाई बरळायची आणि जायची. सुईणीचे किंवा डॉक्टरचे हात धुतलेले नसणं हे त्याचं मोठं कारण. व्हिएन्नाच्या इस्पितळात झेमेलवाइस या डॉक्टरने १८४७ साली हात धुण्याची सक्ती केली आणि मरणारणींची संख्या झपाट्याने उतरली. तरी त्याचं म्हणणं डॉक्टरांनाच पटेना. जंतुनाशक औषधं यायला पुढे जवळजवळ शंभर वर्षं लागली. तोवर जगभर बाळंतिणी गेल्या आणि आपल्याकडे त्या चिंचेवर जाऊन बसल्या.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची आहे, ती नीट ऐका. बाळंतपणानंतर हजारात एक-दोघींना मनाचा तीव्र आजार होतो. बहुतेक वेळा पहिल्या दोन आठवड्यांतच. झोप उडते, कोणीतरी बोलतंय असं ऐकू येतं, बाळ आपलं नाहीच असं वाटतं, कधी बाळाला इजा करावी असंही मनात येतं. कालपर्यंत शहाणी असलेली सून आज केस सोडून डोळे फिरवते. घरातली माणसं काय म्हणतात? "बाहेरचं लागलं." मैत्रिणींनो, हे बाहेरचं नाही. हा औषधाने बरा होणारा आजार आहे, आणि तो तातडीचा आहे. त्याच दिवशी डॉक्टरकडे न्यायचं, बाळ-बाळंतिणीला एकटं सोडायचं नाही. रत्नागिरीत मनोरुग्णालय इंग्रजांच्या काळापासून आहे, जिल्हा रुग्णालय आहे. फोनवरून विचारायचं तर सरकारची टेलि-मानस सेवा आहे, क्रमांक १४४१६, मराठीतून बोलता येतं. पैसे पडत नाहीत. पेन्सिल असेल तर भिंतीवर लिहून ठेवा, एक चार चार एक सहा.

जखीण या शब्दाचं आणखी एक आहे. संस्कृतात यक्षिणी, प्राकृतात जक्खिणी, तिची जखीण झाली. आणि त्याच यक्षीवरून जाखमाता, जाखादेवी ही देवीची नावं आली असं अभ्यासक मानतात. निवळीवरून गणपतीपुळ्याला जाताना जाकादेवी गाव लागतं, तुम्ही एसटीतून कित्येकदा गेला असाल. एकाच शब्दाच्या दोन मुली. एकीची आपण ओटी भरतो आणि दुसरीचं नाव निघालं की थुंकतो. कुठली कोणाच्या वाट्याला आली हे त्या त्या गावाने ठरवलं.

सिनेमाविषयी मी थोडक्यात बोलते, कारण मला भीती वाटते आणि मी अर्धा सिनेमा बोटांच्या फटीतून बघते. पण अलीकडच्या भुताच्या सिनेमांत एक बदल झालाय. पूर्वी चेटकीण दिसली की ती मारायची, विषय संपला. आता ती कशी झाली हे विचारतात. २०१७ साली विशाल फुरिया यांचा 'लपाछपी' आला. पूजा सावंत आणि उषा नाईक. उसाच्या फडातलं एकाकी घर, पोटुशी सून, आणि मागे नको असलेल्या मुलींच्या जिवाची गोष्ट. त्यातलं भूत भिववतं, पण खरी धडकी भरते ती जिवंत माणसांची. त्याचाच पुढे २०२१ साली हिंदीत 'छोरी' झाला. २०२० सालच्या 'बुलबुल'मध्ये बंगालातली बालवधू आहे, तिचीही पावलं उलटी. ती उलटी कशी होतात ते बघितल्यावर आपल्याला हडळीची दया येते. आणि टीव्हीवर २०१६ पासून 'रात्रीस खेळ चाले' होतंच. आपल्या कोकणाला उगाच भुतांचा मुलूख ठरवलं म्हणून तेव्हा कितीजण रागावले होते. राग बरोबर होता, पण रागावून लोक रात्री साडेदहाला टीव्हीसमोर बसतच होते.

आता घरातली गोष्ट. भाचीच्या मोबाइलवर मी पाहिलं, मुली पौर्णिमेला मेणबत्त्या लावतात, वाळलेला पाला जाळून घरात धूर फिरवतात, रंगीत खडे उशाशी ठेवतात, पत्ते काढून दिवस कसा जाईल ते बघतात, आणि स्वतःला अभिमानाने 'विच' म्हणवतात. हे विलायतेत कसं सुरू झालं तेही ऐकण्यासारखं आहे. युरोपात साधारण तीनशे वर्षांत चाळीस-पन्नास हजार माणसं चेटकाच्या आरोपाखाली मारली गेली, त्यांत बायकाच फार. इंग्लंडात १७३५ साली कायदा उलटा झाला : चेटूक असतं हे कायदा मानेना, पण मला येतं असं सांगून फसवणाराला शिक्षा. तो कायदा १९५१ साली रद्द झाला. त्यानंतर १९५४ मध्ये जेराल्ड गार्डनर नावाच्या निवृत्त सरकारी नोकराने पुस्तक लिहिलं की आमचा हा जुना धर्म आहे. तो किती जुना याबद्दल जाणकारांना शंका आहेत. पण विक्का नावाने तो पसरला, आणि बायकांना त्यात एक गोष्ट फार आवडली : मध्ये पुरोहित लागत नाही. आपलं घर, आपली वनस्पती, आपला दिवा.

मी भाचीला म्हटलं, "बायो, यात नवीन ते काय?" तुळशीला पाणी घालायला भटजी लागतो का? पाचवीला सटवाईची पूजा कोण मांडते? बाळाला तीट कोण लावतं? मीठ, मोहरी, लाल मिरच्या मुठीत घेऊन पोरावरून उतरवून विस्तवात टाकायच्या, आणि ठसका उठला नाही की म्हणायचं, बघ, केवढी लागली होती. हे सगळं बायकांचं, घरातलं, पोथीविना चाललेलं. मी अंधश्रद्धेच्या विरुद्ध आहे, तरी माझ्या नातवाची दृष्ट मी काढते. का काढते? दिवसभर पोर किरकिरलेलं असतं. दृष्ट काढताना त्याला मांडीवर घ्यावं लागतं, घर दोन मिनिटं गप्प होतं, सगळ्यांचं लक्ष त्याच्याकडे जातं. मिरचीने काही होत नसेल, पण त्या दोन मिनिटांनी होतं. ताप असेल तर थर्मामीटर आणि डॉक्टर, ते मी आधी करते. ज्यांना माझं हे पटत नाही त्यांनी खुशाल पत्र पाठवा.

धोका मिठात नाही, मोहरीत नाही. धोका त्यानंतरच्या एका प्रश्नात आहे. "पण नजर लागली कोणाची?"

आता त्या म्हातारीचं सांगते. आमच्या वाडीत आमच्या घराच्या वरच्या अंगाला एक काकी राहायची. विधवा, मूलबाळ नाही, दीर मुंबईला. तिच्या नावावर चार कलमं आणि घराखालचा तुकडा. मागल्या दारी वेखंड, अडुळसा, गुळवेल. पडवीत मुरुडशेंगेच्या आणि कसल्याकसल्या जुड्या टांगलेल्या. मांजरं तर विचारू नका. वाडीतल्या पोरांचं पोट बिघडलं की आया तिच्याकडेच धावत. तिच्या ताकाची चव मला अजून आठवते, वरून कोथिंबीर आणि ठेचलेलं आलं.

माझा धाकटा भाऊ तेव्हा दीड वर्षांचा. वडील मुंबईत गिरणीत. आषाढ चालू होता. भावाला जुलाब सुरू झाले ते थांबेनात. काकीने काही चाटवलं, त्याने उतार पडला नाही. तिसऱ्या दिवशी आजी मूठभर तांदूळ घेऊन पलीकडच्या गावात एका बघणाऱ्याकडे गेली, सोबत आई. त्याने तांदूळ टाकले, मोजले, आणि म्हणाला, घराच्या वरच्या अंगाची आहे. एकटी आहे. हातात पाला आहे. कोणाचं नाव त्याने घेतलं नाही. ही माणसं नाव घेत नाहीत, ती उखाणा घालतात आणि उत्तर आपल्या तोंडून काढतात.

भाऊ वाचला. शेजारच्या एका शिकलेल्या काकांनी त्याला छत्रीखाली धरून एसटीने दवाखान्यात नेलं, सलाईन लावलं, चौथ्या दिवशी तो बिस्कीट मागू लागला. त्याच आठवड्यात वाडीतली आणखी चार पोरं आजारी पडली होती, कारण पावसाचं गढूळ पाणी विहिरीत उतरलं होतं. आज आपण साधं मीठ-साखर-पाणी देतो, ते तेव्हा कोणाला माहीत नव्हतं. पण विहिरीचं नाव कोणी घेतलं नाही. काकीचं मात्र घेतलं.

तिला कोणी मारलं नाही, हे मी मुद्दाम सांगते. शिवीसुद्धा दिली नाही. फक्त तिच्याकडचं ताक आणायचं बंद झालं. आम्हा पोरांना सांगितलं, वरच्या वाटेने जायचं नाही. बाळंतीण घरात असली की काकी आली तर दार लोटलेलं. शिमग्यात पालखी तिच्या दारी जायची, पण माणसं अंगणात उभ्या उभ्या परत फिरायची. आठ वर्षं ती तशी राहिली. गेली तेव्हा दोन दिवसांनी कळलं. मग मुंबईहून दिराचे मुलगे आले आणि कलमांचा व्यवहार करून गेले. एकट्या बाईच्या नावावर जमीन आणि तिच्यावर आळ, या दोन गोष्टी देशभर शेजारी शेजारी सापडतात. आमच्या वाडीत कोणी ठरवून केलं असं मी म्हणणार नाही. पण सोयीचं झालं कोणाच्या, ते दिसलंच.

आपल्याच राज्यात सातपुड्याच्या बाजूला, नंदुरबारकडे, याच आळाला डाकीण म्हणतात. तिथे गोष्ट ताकावर थांबत नाही. मारहाण होते, गावाबाहेर काढतात, जीवही गेलेत. बिहारने १९९९ मध्ये याविरुद्ध पहिला कायदा केला. महाराष्ट्रात डॉ. नरेंद्र दाभोलकर अनेक वर्षं कायदा मागत राहिले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांचा खून झाला, त्यानंतर चारच दिवसांत वटहुकूम निघाला आणि डिसेंबरमध्ये विधिमंडळाने कायदा केला. आपण त्याला जादूटोणाविरोधी कायदा म्हणतो.

पुष्कळांना वाटतं की हा कायदा देवपूजेवर उठलाय. मी तो वाचलाय. घरातली पूजा, व्रतं, कीर्तन, यात्रा, प्रदक्षिणा यांना तो हात लावत नाही, तसं त्यात लिहिलेलंच आहे. त्याच्या शेवटी बारा कलमांची अनुसूची आहे, त्यात काय करायचं नाही ते आहे. त्यातली एक गोष्ट वाचून मी थक्क झाले. अमुक व्यक्ती करणी करते, जादूटोणा करते, मंत्रतंत्राने गाईचं दूध आटवते, तिच्यामुळे रोगराई पसरते असं भासवून तिचं जगणं मुश्कील करणं हा गुन्हा आहे. गाईचं दूध! मंत्रालयातल्या कोणा साहेबाला हे सुचलेलं नसणार. गावोगाव हेच आळ बायकांवर आले म्हणून ते कायद्यात उतरलं. चेटकाच्या नावाखाली मारहाण करणं, धिंड काढणं, रोजच्या व्यवहाराला बंदी घालणं हाही गुन्हा. साप-विंचू-कुत्रा चावल्यावर दवाखान्यात जाऊ न देता मंत्र घालत बसणं हाही. शिक्षा सहा महिने ते सात वर्षं, आणि दंड पाच हजार ते पन्नास हजार रुपये. गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, म्हणजे पोलिसांना कोर्टाच्या परवानगीची वाट बघावी लागत नाही. यासाठी पोलीस निरीक्षकाच्या दर्जाचा दक्षता अधिकारी नेमलेला असतो. घाईची वेळ असेल तर ११२ लावा. आणि जातपंचायतीने किंवा वाडीने कोणाला वाळीत टाकलं असेल तर त्यासाठी सामाजिक बहिष्कारविरोधी २०१६ चा कायदा वेगळा आहे. आपल्या कोकणात तो लागू करण्यासारखी प्रकरणं कमी झाली असली तर आनंदच आहे.

पण काकीच्या बाबतीत पोलिसांत जाऊन काय सांगितलं असतं? ताक घेत नाहीत म्हणून? कायदा मारहाणीपासून पुढे कामाला येतो. त्याच्या आधीची पायरी आपल्या स्वयंपाकघरात असते. सासू विचारते, "आज कोण येऊन गेलं गो घरात?" जाऊ म्हणते, "ती आली होती ना." तिथे कोणीतरी एकीने म्हणायला हवं की पोराला दात येतायत म्हणून किरकिरतंय. मी माझ्या घरी असं करते : दृष्ट काढायची, पण नाव कोणाचं घ्यायचं नाही. आल्यागेल्याची, वाऱ्यावावटळाची, माझी स्वतःची लागली असेल तीसुद्धा. सूनबाईला आधी हसू यायचं, आता तीही तसंच म्हणते.

८ मार्च २०२२ ला, महिला दिनाच्या दिवशी, स्कॉटलंडच्या तेव्हाच्या प्रमुख निकोला स्टर्जन यांनी चेटकीण म्हणून मारलेल्या बायकांची त्यांच्या संसदेत माफी मागितली. शेकडो वर्षांनी. मी ती बातमी भाचीला दाखवली. ती म्हणाली, "मावशी, मेलेल्यांना काय उपयोग?" खरं आहे. मग तिने विचारलं, "तुमच्या काकीचं घर कसं होतं?" मी सांगत गेले, जुड्या, मांजर, चुलीवरचं भांडं. ती काही बोलली नाही, पुस्तक उलटं करून मुखपृष्ठ माझ्यापुढे धरलं.

त्याच रात्री निजानीज झाल्यावर मी आईला विचारलं. आता तिचं वय ब्याऐंशी. ऐकू कमी येतं, म्हणून जरा मोठ्यानेच विचारावं लागलं, की आई, तेव्हा त्या माणसापुढे काकीचं नाव का घेतलंस?

ती म्हणाली, "मी नाव घेतलंच नाही. त्याने विचारलं, अशी कोणी आहे का. मी आहे म्हटलं."

मला वाटलं झोपली. तर थोड्या वेळाने अंधारातून म्हणाली, "तुझ्या भावाच्या वेळी माझ्या धुरीला वेखंड तिनेच आणून दिलेलं."